संकलकाची कात्री

जयपूरच्या शास्त्रीनगर वसाहतीतून एका भगिनींचे पत्र आमच्या हाती आले आहे. यजमानांच्या नोकरीमुळे हे कुटुंब सोलापूर सोडून तिकडे गेले, त्यास आता अठरा वर्षे झाली. घरात मराठी, शेजारात हिंदी आणि मुलांच्या तोंडी दोहोंची सरमिसळ, असा तो संसार आहे. थोरला मुलगा वाणिज्य शाखेचा पदवीधर. वडिलांची इच्छा त्याने बँकेच्या परीक्षेस बसावे अशी. परंतु चिरंजीव रात्रंदिवस संगणकापुढे बसून ‘दुसऱ्यांची गाणी कापीत असतात’. हे शब्द त्या भगिनींचेच. राजस्थानातील लंगा गायकांच्या एका कार्यक्रमाचे त्याने तयार केलेले सात मिनिटांचे चित्रण त्यांनी पत्रासोबत धाडले असून शेवटी विचारले आहे : ‘ह्याला धंदा म्हणायचा की छंद? ह्या कामात ज्यांनी आयुष्य घातले, त्यांचे पुढे काय झाले, ते कृपा करून सांगावे.’

प्रश्न प्रांजळ आहे. घरातील एका मुलाच्या आयुष्याचा आहे, म्हणून त्याचे उत्तरही प्रांजळपणेच द्यावयास हवे.

प्रथम शब्दाविषयी थोडेसे. इंग्रजीत ह्या कामास जो शब्द आहे, तोच आमच्यासारख्या मासिकात बसून दुसऱ्यांचे लेख तपासणाऱ्यासही लावतात. मराठीने मात्र दोहोंची फारकत केली. आम्ही ‘संपादक’ आणि चित्रपटाचा तो ‘संकलक’. आता संकलन म्हणजे बेरीज. जुन्या गणितात वजाबाकीस ‘व्यवकलन’ म्हणत. ज्याच्या हाती कात्री आहे आणि ज्याचा दिवसाचा बहुतेक वेळ नको ते टाकण्यात जातो, त्याला आपल्या भाषेने बेरीज करणारा म्हटले, ह्याचे मला पुष्कळ दिवस नवल वाटत असे. पुढे काही संकलकांची कामे लक्ष देऊन पाहिल्यावर वाटू लागले, की नाव ठेवणाऱ्यास ते काम कळलेले होते.

हे काम समजण्यास थोडे गणित लागते. चित्रपटाची फीत एका सेकंदात २४ चित्रे ह्या वेगाने धावते. पस्तीस मिलिमीटरच्या फितीत एका फुटात १६ चित्रे मावतात. म्हणजे मिनिटाला ९० फूट फीत खर्ची पडते. गाण्याची लय मिनिटाला १२० ठोक्यांची असली, तर दोन ठोक्यांमध्ये नेमकी १२ चित्रे बसतात. फितीच्या काळात संकलक ही चित्रे हातात सुती मोजे घालून, मेणाच्या पेन्सिलीने खुणा करून मोजी. नको असलेले तुकडे कापडी अस्तराच्या पेटीवर खिळ्यांना टांगून ठेवी, आणि जोड आधी चिकटद्रव्याने व पुढे पारदर्शक पट्टीने देई. आज हे सारे पडद्यावर बोटाच्या इशाऱ्याने होते. मोजणी मात्र सुटलेली नाही. नवशिका संकलक प्रत्येक ठोक्यावर चित्र बदलतो आणि आपण तालात आहोत ह्या समाधानात राहतो. जाणता संकलक बहुधा ठोक्याच्या एकदोन चित्रे आधी कापतो. कारण नव्या चित्राशी जुळवून घ्यावयास डोळ्याला किंचित अवधी लागतो, आणि मग ठोका पडतो तेव्हा डोळा तेथे आधीच जाऊन बसलेला असतो.

ज्या माणसाच्या आयुष्याकडे ह्या प्रश्नाच्या उत्तरासाठी पाहावे असे मला वाटते, ते वामन भोसले. गोव्यातील पोंबुर्पा येथे १९३२ साली त्यांचा जन्म झाला. १९५२ मध्ये, वयाच्या विशीत, कामाच्या शोधात ते मुंबईस आले आणि बॉम्बे टॉकीजमध्ये संकलक डी. एन. पै ह्यांच्या हाताखाली शिकू लागले. ‘पाकीजा’सारख्या गाण्यांनी भरलेल्या चित्रपटाचे संकलन पुढे ज्यांनी केले, तेच हे पै. परंतु बॉम्बे टॉकीजचे दिवस तेव्हा भरत आले होते. ती संस्था बंद पडली आणि भोसले फिल्मिस्तानमध्ये साहाय्यक संकलक म्हणून गेले. तेथे त्यांनी किती वर्षे काढावीत? बारा.

बारा वर्षे हा शब्द लिहिण्यास सोपा आहे. पण ह्या बारा वर्षांत साहाय्यकाने करावयाचे काम कोणते, ते वाचकांनी लक्षात घ्यावे. दुसऱ्याने निवडलेले तुकडे हुडकून देणे, त्यांवर क्रमांक घालणे, ध्वनीची फीत आणि चित्राची फीत एकमेकींशी जुळवून ठेवणे, फेकलेल्या तुकड्यांची नोंद ठेवणे; कारण आज फेकलेला तुकडा उद्या सकाळी दिग्दर्शकास हवा असतो. गाण्याचे चित्रण असेल तर ओठांची हालचाल आणि गायकाचा स्वर ह्यांची गाठ घालून देणे हेही त्याचेच काम. ह्यात नाव नाही, पैसाही बेताचाच. वीस वर्षांचा तरुण ह्या दालनात गेला आणि स्वतंत्र संकलक म्हणून राज खोसला ह्यांचा ‘दो रास्ते’ त्याच्या हाती आला तो १९६९ साली, म्हणजे मुंबईस आल्यावर सतरा वर्षांनी. शास्त्रीनगरच्या भगिनींनी हा आकडा चिरंजीवांस अवश्य वाचून दाखवावा. वडिलांना दाखवावा की नाही, ते त्यांनीच ठरवावे!

त्यानंतर मात्र दार उघडले ते उघडलेच. ‘मेरा गाँव मेरा देश’, गुलजार ह्यांचे ‘परिचय’, ‘आँधी’ आणि ‘मौसम’, सुभाष घई ह्यांचे ‘कालीचरण’, ‘कर्ज’, ‘हीरो’. शिराली ह्या आपल्या सहकाऱ्यासमवेत, आणि पुढे अखेरपर्यंत, भोसले ह्यांनी दोनशेंहून अधिक चित्रपट संकलित केले. १९७७ च्या ‘इन्कार’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला; ‘सौदागर’साठी फिल्मफेअरचा. ह्या याद्या वाचकांना वर्तमानपत्रांतूनही मिळतील, म्हणून मी त्या लांबवीत नाही. मला येथे ‘कर्ज’मधील एका प्रसंगाविषयी लिहावयाचे आहे.

‘कर्ज’ १९८० सालचा. नायक लोकप्रिय गायक आहे आणि पूर्वजन्मी पत्नीने केलेला स्वतःचा खून त्यास आठवू लागला आहे. चित्रपटात रंगमंचावरील दोन मोठी गाणी आहेत. पहिल्या गाण्यात फिरत्या तबकडीच्या आकाराचा भव्य मंच, रोषणाई, नाचणारे तरुण, सारा जल्लोष आहे. तेथे संकलकाने चित्रे भराभर बदलली आहेत आणि तेच योग्य आहे. दुसरे गाणे शेवटाकडचे. त्यात नायक मंचावर गाण्याच्या रूपाने त्या खुनाचीच कथा मांडतो, आणि जिने तो खून केला ती स्त्री समोर बसून पाहते आहे. मंचावर वेशभूषा आहे, नृत्य आहे, वाद्यवृंद आहे. परंतु गोष्ट मंचावर नाहीच. ती त्या बसलेल्या स्त्रीच्या चेहऱ्यावर आहे. कॅमेरा मंचावर किती वेळ ठेवावा आणि त्या चेहऱ्याकडे केव्हा परतावे, प्रत्येक परतण्याच्या वेळी त्या चेहऱ्यावरील भीती एका पायरीने कशी वाढावी, ह्या हिशेबावर ते गाणे उभे आहे. चेहऱ्याची चित्रे एका वेळी, गाण्याची दुसऱ्या वेळी टिपलेली असतात. ती भीती तशा चढत्या क्रमाने प्रत्यक्ष कोणीही कधी पाहिलेली नसते. ती टेबलावर जुळविलेली असते. बेरीज म्हणतात ती हीच.

चित्रपटातील गाणे पुन्हापुन्हा चित्रित करता येते. प्रत्यक्ष मैफलीचे तसे नाही. गवयाची एक तान एकदाच जाते. म्हणून सभागृहात पाचसहा कॅमेरे ठेवतात आणि ध्वनी स्वतंत्रपणे मुद्रित करतात. तासाभराच्या कार्यक्रमाचे सहा कॅमेऱ्यांनी सहा तासांचे चित्र तयार होते. ते सारे प्रथम पाहावे लागते; त्यास तरणोपाय नाही. एक टाळी किंवा पाटीचा आवाज धरून सर्व चित्रे एका क्षणावर आणावी लागतात. हल्ली संगणक ध्वनीच्या आकृतीवरून हे मिनिटभरात करून देतो, आणि तेवढ्यावरच पुष्कळांना वाटते की काम संपले. वस्तुतः ते तेथून सुरू होते. १९६९ च्या ऑगस्टमध्ये अमेरिकेत वुडस्टॉक येथे जो प्रचंड संगीतमेळा भरला, त्याचे शंभराहून अधिक तासांचे चित्रण झाले होते. त्यातून तीन तासांचा चित्रपट काढणाऱ्या संकलकांत थेल्मा स्कूनमेकर ही तरुण स्त्री होती आणि मार्टिन स्कोर्सेसे हा पुढे दिग्दर्शक म्हणून विख्यात झालेला तरुणही होता. अनेक कॅमेऱ्यांनी एकाच क्षणी टिपलेल्या गोष्टींपैकी एकच दाखवावी हे त्यांना रुचेना, म्हणून त्यांनी पडदाच दोन-तीन भागांत विभागला. ती युक्ती आज लग्नाच्या चित्रफितीतही दिसते, आणि तेथे ती बहुधा निष्कारण असते.

भारतीय संगीताच्या दृष्टीने मला अधिक मोलाचा वाटतो तो त्याच्या आदला एक चित्रपट. १९६७ च्या जूनमध्ये कॅलिफोर्नियातील माँटेरे येथे झालेल्या मेळाव्यावर डी. ए. पेनेबेकर ह्यांनी ‘माँटेरे पॉप’ हा चित्रपट केला. त्याचा शेवटचा मोठा भाग पंडित रविशंकरांच्या सतारीचा आहे, तबल्यावर उस्ताद अल्लारखाँ. आता संकलकापुढील पेच पाहा. प्रेक्षक परके, संगीत त्यांना अनोळखी, आधीच्या सर्व वाद्यवृंदांत उड्या आणि आरडाओरड, आणि आता दोन माणसे बैठकीवर स्थिर बसलेली. अशा वेळी धीर सुटलेला संकलक भराभर चित्रे बदलू लागतो. तेथे तसे केलेले नाही. सतार सुरू होते आणि कित्येक मिनिटे सतारिया दिसतच नाही! दिसतात ती मैदानावरील माणसे : कोणी आडवे झालेले, कोणी नुसते भटकणारे, कोणी डोळे मिटून बसलेले. स्वर कोठून येतात ते आपण शोधू लागतो. कान आपोआप पुढे होतात. मग पंडितजींची बोटे, तबल्यावरील पंजा, दोघांची एकमेकांकडे पाहून उमटलेली स्मिते, आणि शेवटी उभा राहिलेला तो सारा समुदाय. ख्यालाच्या विलंबित एकतालाचे एक आवर्तन कधीकधी पाऊण मिनिटाहूनही लांबते. त्या पाऊण मिनिटात काहीही न कापता बसण्याचे धैर्य हाच अशा संकलनाचा कस आहे. सम येणार हे श्रोत्यांच्या मानांना आधी कळते, म्हणून समेच्या आधी क्षणभर श्रोत्यांकडे जावे, असे मी एका जुन्या जाणकाराच्या तोंडून ऐकले होते. त्यानंतर मी ते कितीतरी चित्रणांत ताडून पाहिले. जेथे हे साधले आहे तेथे घरात बसलेल्या माणसाच्या तोंडूनही ‘वाहवा’ निघते.

काय ठेवावे, ह्याचे आणखी एक उदाहरण देऊन पुढे जातो. १९७१ च्या १ ऑगस्ट रोजी न्यू यॉर्क येथे बांगलादेशातील निर्वासितांच्या मदतीसाठी जो कार्यक्रम झाला, त्यात रविशंकर आणि अली अकबर खाँ ह्यांनी वाद्ये स्वरात लावली, आणि तेच वादन समजून प्रेक्षकांनी टाळ्यांचा गजर केला. पंडितजींनी त्यावर केलेला मिस्कील शेराही सर्वश्रुत आहे. हा प्रसंग कापून टाकणे कोणासही सुचले असते. वाद्ये लावणे हा कार्यक्रमाचा भाग नव्हेच. पण तो चित्रपटात तसाच ठेवला गेला, आणि त्या एका मिनिटात दोन संस्कृतींमधील अंतर आणि आपुलकी दोन्ही सामावल्या आहेत. कात्री हाती असून ती न चालविल्याबद्दल त्या संकलकास कोणी पुरस्कार दिल्याचे मात्र ऐकिवात नाही.

येथवर वाचून त्या भगिनींना बरे वाटले असेल. आता दुसरी बाजू सांगणे माझे कर्तव्य आहे.

‘शोले’ कोणास ठाऊक नाही? १९७५ च्या ह्या चित्रपटाचे संकलक माधव शिंदे. सुमारे तीन लाख फूट फीत त्यांच्या टेबलावर आली, असे सांगतात. वर दिलेल्या हिशेबाने पाहिले तर हे पंचावन्न तासांचे चित्रण झाले. त्यातून त्यांनी साडेतीन तासांच्या आतबाहेरचा चित्रपट उभा केला. होळीच्या गाण्याचा रंग उडत असताना दरोडेखोर चालून येतात, त्या जागी आनंदाचे चित्र कोणत्या क्षणी तोडले आहे, ते पुन्हा एकदा पाहावे. इतका गाजलेला चित्रपट, पण फिल्मफेअरचा पुरस्कार त्यास एकच मिळाला, आणि तो शिंद्यांच्या संकलनासाठी. ह्या गृहस्थांनी शंभराच्या घरात चित्रपट संकलित केले. त्यांची अखेरची वर्षे मात्र धारावीतील एका लहानशा खोलीत गेली, आणि २०१२ साली ते तेथून निघून गेले. ‘शोले’ पुन्हापुन्हा प्रदर्शित होत राहिला. त्याच्या प्रत्येक खेळावर संकलकास काही मिळावे अशी सोय नव्हती. तो ठरलेली रक्कम घेतो आणि दालनाबाहेर पडतो. काम तेच, तोलामोलाचे, काळही तोच. भोसले आणि शिंदे ह्या दोन मराठी माणसांच्या उतारवयात एवढे अंतर का पडले, ह्याचे उत्तर त्यांच्या कौशल्यात सापडत नाही.

म्हणून चिरंजीवांस दोन गोष्टी सुचवाव्याशा वाटतात. पहिली व्यवहाराची. काम घेण्यापूर्वी कागद करावा. त्यात मोबदला, मुदत, किती वेळा दुरुस्ती करून द्यावयाची ते, आणि श्रेयनामावलीत नाव, हे सारे असावे. हल्ली गाण्यांची चित्रणे संगणकावर आणि दूरध्वनीवर जगभर पाहिली जातात आणि तयार करणाऱ्याचे नाव पुष्कळदा कोठेच नसते. ओळखीच्या माणसाकडे कागद मागण्याचा संकोच वाटतो हे मला ठाऊक आहे. मीही भाषांतराची कामे संकोचापोटी तोंडी ठरविली आहेत, आणि एकदा तीन महिन्यांच्या श्रमाचे मला नुसते आभार मिळाले. तो संकोच महाग पडतो.

दुसरी शिक्षणाची. पुण्यास, प्रभात चित्रपट संस्थेच्या जुन्या जागेत, १९६० साली केंद्र सरकारने चित्रपटशिक्षणाची संस्था काढली. तेथे संकलन हा स्वतंत्र विषय असून पदवीधरास प्रवेशपरीक्षा देता येते. तसेच कोलकात्यासही सत्यजित राय ह्यांच्या नावाची संस्था १९९५ पासून आहे. पुण्याच्या संस्थेतून बाहेर पडलेल्या रेणू सलुजा ह्यांनी ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ ह्या चित्रपटांसाठी चार वेळा राष्ट्रीय पुरस्कार मिळविला. २००० साली त्या अकाली वारल्या. पूर्वी जे बारा वर्षांत साहाय्यकी करून शिकावे लागे, त्यातील काही भाग तेथे तीन वर्षांत शिकविला जातो. काही भागच, हे पुन्हा सांगतो. बँकेच्या परीक्षेचा अर्ज आणि ह्या परीक्षेचा अर्ज एकाच वर्षी भरण्यास कोणताही नियम आड येत नाही. वडिलांशी बोलणे त्यामुळे सोपे होईल असे वाटते.

राहता राहिले ते सात मिनिटांचे चित्रण. ते मी तीन वेळा पाहिले. पहिल्यांदा साधेपणाने, दुसऱ्यांदा आवाज बंद करून, तिसऱ्यांदा डोळे मिटून. आवाज बंद केल्यावर ते उत्तम वाटले; चित्रे सुबक आहेत, प्रकाश चांगला धरला आहे. डोळे मिटल्यावर गाणे अप्रतिम. दोन्ही एकत्र पाहताना मात्र कोठेतरी खटकत होते. चौथ्या मिनिटास वयोवृद्ध गायक एक ओळ अर्ध्यावर सोडतो आणि सारंगी ती पुरी करते. गायकाने ती ओळ सारंगीच्या हवाली केली आहे. त्या क्षणी चिरंजीवांनी खडताल वाजविणाऱ्या तरुणाचे उंच उडालेले हात दाखविले आहेत. हात फार सुंदर आहेत, आणि ते ठोक्यावरही अचूक पडले आहेत. पण त्या वेळी म्हातारा गायक सारंगीवाल्याकडे पाहत असणार. त्याची मान वळलेली दुसऱ्या एका चित्रात क्षणभर दिसते, म्हणजे तो तुकडा त्यांच्यापाशी आहे. तो त्यांनी पेटीतून काढावा, त्या जागी लावून पाहावा, आणि मला पुन्हा धाडावा.